ग्वाडलकॅनालची रणभूमी आणि तिचे मूळ धनी

पॅसिफिक महासागरातील सॉलोमन बेटांची राजधानी होनियारा ग्वाडलकॅनाल बेटावर आहे. तेथे विमान ज्या ठिकाणी उतरते, त्याच जागेसाठी दुसऱ्या महायुद्धात, 1942 मध्ये, ग्वाडलकॅनालची लढाई झाली. येथे जपानी सैन्य धावपट्टी बांधत होते आणि ती पूर्ण झाली असती, तर अमेरिका व ऑस्ट्रेलिया यांच्यातील सागरी मार्ग जपानी विमानांच्या टप्प्यात आला असता. म्हणून 7 ऑगस्ट 1942 रोजी अमेरिकेचे मरीन सैनिक उत्तर किनाऱ्यावर उतरले, दुसऱ्याच दिवशी त्यांनी धावपट्टी ताब्यात घेतली आणि मिडवेच्या लढाईत पडलेल्या मेजर लॉफ्टन हेंडरसन यांचे नाव तिला दिले. पुढील सहा महिन्यांची झुंज याच पट्टीभोवती फिरत राहिली.

त्यामुळे पाहणीची सुरुवात धावपट्टीच्या दक्षिणेकडील ब्लडी रिज या टेकाडापासून करावी, असे मी आग्रहाने सुचवेन. नकाशावर ते किरकोळ दिसते, पण माथ्यावर उभे राहून उत्तरेकडे पाहिले की विमानतळ किती जवळ आहे हे ध्यानात येते आणि अमेरिकन कर्नल एडसन यांच्या जेमतेम साडेआठशे सैनिकांनी 12 ते 14 सप्टेंबरच्या रात्री ही जागा का सोडली नाही, हेही उमगते. जपानी जनरल कावागुची यांचे सैनिक दक्षिणेच्या दाट जंगलातून चढून येत होते. ते जंगल आणि माथ्यावरचे उंच गवत आजही तसेच आहे. येथे सकाळी लवकर जावे, कारण सावली अजिबात नाही. वाट कच्ची आहे. पावसानंतर उंच चाकांच्या गाडीशिवाय वर जाण्याचा विचार करू नये.

शहरातील रोव्ह भागात पोलीस मुख्यालयाजवळ जेकब वूझा यांचा पुतळा आहे. बहुतेक पर्यटक गाडीतूनच तो पाहतात. मला मात्र तो या बेटावरील सर्वांत महत्त्वाचा थांबा वाटतो. वूझा हे ग्वाडलकॅनालचेच भूमिपुत्र आणि निवृत्त पोलीस सार्जंट मेजर होते. अमेरिकनांसाठी टेहळणी करताना जपानी कर्नल इचिकी यांच्या तुकडीने त्यांना पकडले; त्यांच्याजवळ एक लहानसा अमेरिकन ध्वज सापडला. झाडाला बांधून, संगिनींनी भोसकूनही त्यांनी तोंड उघडले नाही. मेले असे समजून सोडून दिल्यावर त्यांनी दातांनी दोर तोडले, रक्तबंबाळ अवस्थेत मरीनांची फळी गाठली आणि हल्ला येत असल्याची खबर दिली. 21 ऑगस्टच्या त्या हल्ल्यात इचिकींच्या सुमारे 900 सैनिकांपैकी जवळजवळ 800 मारले गेले. वूझा जगले आणि पुढे 'सर' झाले.

पश्चिमेच्या रस्त्याने बोनेगी आणि विलू ही दोन ठिकाणे एकाच दिवसात होतात. बोनेगीच्या किनाऱ्याला नोव्हेंबर 1942 मध्ये दोन जपानी मालवाहू जहाजे लागली होती. त्यांपैकी किनुगावा मारूचा गंजलेला भाग पाण्याबाहेर दिसतो आणि साधा पाणचष्मा लावूनही बाकीचा सांगाडा पाहता येतो. विलूच्या उघड्या संग्रहालयात नारळीच्या सावलीत तोफा आणि विमानांचे अवशेष ठेवले आहेत. दोन्ही जागा खासगी मालकीच्या आहेत. प्रवेशशुल्क रोख द्यावे लागते, म्हणून सॉलोमन डॉलरच्या लहान नोटा जवळ ठेवाव्यात. येथील बहुतेक जमीन कुळांच्या परंपरागत मालकीची असते, त्यामुळे फलक नसलेल्या ठिकाणीही विचारल्याशिवाय पाऊल टाकू नये. हा पैसा म्हणजे लूट आहे, अशी कुरकुर काही प्रवासी करतात, ती मला अन्यायकारक वाटते. हे अवशेष या जमीनमालकांच्या शेताबागांत दुसऱ्यांनी टाकून दिलेले आहेत.

स्कायलाइन टेकडीवरील अमेरिकन स्मारक आणि माउंट ऑस्टिनवरील जपानी स्मारक ही दोन्ही पाहावीत. जपानने येथे उतरवलेल्या सुमारे 31 हजार सैनिकांपैकी बहुसंख्य मेले आणि त्यांतील मोठा वाटा उपासमार व रोगराईचा होता. फेब्रुवारी 1943 मध्ये उरलेल्यांना रात्रीच्या अंधारात परत नेण्यात आले.

ज्यांचे स्मारक शोधावे लागते ते स्थानिक मजूर. बेटांवरील तत्कालीन ब्रिटिश प्रशासनाच्या मजूर दलात हजारो बेटवासीयांनी जहाजे रिकामी केली, दारूगोळा वाहिला. ब्रिटिशांनी त्यांची मजुरी महिना एक पौंडावर रोखून धरली. युद्धानंतर मलाइता बेटावर स्वशासन मागणारी मासिना रुरू चळवळ फोफावली, तिच्यामागे या अनुभवाचे बळ होते. 1978 मध्ये स्वतंत्र झालेल्या या देशाने लष्कर ठेवलेले नाही. वाटाड्या निवडताना म्हणूनच आजोबा-पणजोबांच्या गोष्टी सांगू शकेल असा स्थानिक माणूस शोधावा. लढाईच्या तारखा कुठेही वाचता येतात.

मे ते ऑक्टोबर हा काळ तुलनेने कोरडा असतो. मलेरिया येथे वर्षभर आहे, तेव्हा निघण्यापूर्वी डॉक्टरांकडून प्रतिबंधक गोळ्या घ्याव्यात. रविवारी सारे गाव चर्चमध्ये असते, त्या दिवशी गाडी वा वाटाड्या मिळेल असे गृहीत धरू नये. मातीत अजूनही न फुटलेले बाँब आहेत आणि त्यांनी अलीकडच्या वर्षांतही बळी घेतले आहेत. मळलेली वाट सोडू नये, कोठेही शेकोटी पेटवू नये. युद्धकाळातील वस्तू देशाबाहेर नेणे कायद्याने निषिद्ध असल्याने कोणी काडतूस किंवा शिरस्त्राण विकायला आणले, तर नम्रपणे नकार द्यावा.