आमची वाटचाल: डायनामोपासून एअर फ्लो सेन्सरपर्यंत

आमच्याकडे गाडी तपासायचे वेगळे पैसे पडतात. पार्ट बदलला तरी पडतात, नाही बदलला तरी पडतात. कोल्हापूरच्या गिऱ्हाइकाला हे पचायला वेळ लागला, आमच्या घरात तर त्याहून जास्त लागला. धंदा इथवर कसा आला ते सांगायचं म्हटलं तर सगळं त्या पैशांशीच येऊन थांबतं, म्हणून आधीच सांगून टाकलं.

सुरुवात आमच्या घरातल्या आण्णांची. उद्यमनगरात एका फौंड्रीच्या भिंतीला लागून पत्र्याचं शेड आणि वर ‘ऑटो इलेक्ट्रिक’ची पाटी. डायनामो, सेल्फ, हॉर्न, वायपरची मोटर, ट्रकचं वायरिंग. आर्मेचर, म्हणजे डायनामोच्या आतला तारा गुंडाळलेला गाभा, ते स्वतः भरायचे. उसाचा हंगाम सुरू झाला की ट्रक-ट्रॅक्टरची रांग लागायची, कारखान्यांची धुराडी बंद झाली की दुकानात आम्ही आणि चहावाला. मी आयटीआय करून हाताखाली आलो तेव्हा कारचं काम बरंचसं कानावर चालायचं. लांब स्क्रू-ड्रायव्हरचं टोक इंजिनावर, मूठ कानाला, आणि डोळे मिटून आण्णा सांगणार, ‘बेरिंग गेलंय.’ बहुतेक वेळा गेलेलंच असायचं.

२००० च्या आसपास कार्ब्युरेटर जाऊन एमपीएफआय, म्हणजे कॉम्प्युटरच्या हिशोबाने पेट्रोल फवारणाऱ्या गाड्या आल्या. मागोमाग तशीच कॉम्प्युटरवर चालणारी कॉमन रेलची डिझेल इंजिनं आली. ‘ह्या गाड्या आपल्या नव्हेत, ह्या कंपनीतच जाणार’ असं आमच्या गल्लीतले जाणते फिटर म्हणायला लागले. आमचं नशीब एवढंच की आमचं दुकान इलेक्ट्रिकचं. ज्याला गाडीचं काही कळेना तो ‘वायरिंगचं कायतरी दिसतंय, बघा जरा’ म्हणून आमच्याकडे लावून द्यायचा. म्हणजे सेन्सरची लाइन आम्ही निवडली नाही, इतरांनी ढकललेल्या गाड्यांतून ती आमच्या गळ्यात पडली.

एप्रिल २०१० मध्ये देशातल्या तेरा शहरांत भारत स्टेज ४ (बीएस ४), म्हणजे गाड्यांच्या धुराची कडक मर्यादा, लागू झाली. त्यात मुंबई, पुणे आणि सोलापूर होतं, कोल्हापूर नव्हतं. पण गाड्या काय शहराची हद्द बघून फिरत नाहीत. पुण्याच्या पासिंगच्या गाड्या दिवाळी-गणपतीला गावाकडे येणार, आणि डॅशबोर्डवर पिवळा इंजिन लाइट पेटला की आमच्या दारात उभ्या राहणार. २०१३ पासून ओबीडी-२ आलं, म्हणजे बिघाड झाला की गाडी स्वतःच त्याचा कोड नोंदवून ठेवते, तेव्हा कर्ज काढून ते कोड वाचणारा चांगला स्कॅनर घेतला. आण्णा म्हणाले, ‘एवढ्या पैशात पलीकडचं शेड झालं असतं.’ झालं असतं, खोटं कशाला बोलू.

स्कॅनर आला तशी एक गोष्ट ध्यानात आली. कोड वाचणारे गल्लोगल्ली झाले होते, पण कोडचा अर्थ लावणारे फार थोडे. आणि ज्या एका पार्टवर सगळ्यांचा राग निघायचा तो म्हणजे एअर फ्लो सेन्सर.

हा सेन्सर एअर फिल्टरच्या डब्यानंतर नळीत बसतो. आत तापवलेली बारीक तार किंवा फिल्म असते. तिच्यावरून हवा गेली की ती गार होते, आणि ठरलेलं तापमान टिकवायला किती करंट द्यावा लागतो त्यावरून किती वजनाची हवा आत गेली ते इंजिनच्या कॉम्प्युटरला, म्हणजे ईसीएमला, कळतं. हे कळणं का महत्त्वाचं? एक लिटर पेट्रोल पुरतं जळायला नऊ हजार लिटरच्या आसपास हवा लागते. हवेचा हिशोब चुकला की इंधनाचा चुकणार. पेट्रोल गाडीत अ‍ॅव्हरेज पडतो, आयडलिंग खालीवर होतं. डिझेलमध्ये धुराची मर्यादा आणि ईजीआर (जळालेला थोडा वायू परत इंजिनात सोडणारा व्हॉल्व्ह) हवेच्या याच आकड्यावर चालतात, त्यामुळे पिकअप मरतो. बऱ्याच पेट्रोल गाड्यांत हा सेन्सर नसतोच, तिथे मॅप सेन्सर प्रेशरवरून हवा मोजतो. तरीही ‘एअर फ्लो बदला म्हणून सांगितलंय’ म्हणत अशा गाड्या येतात, त्याला काय करणार.

एक गाडी सविस्तर सांगतो. वैभववाडीकडची डिझेल हॅचबॅक, १२४८ सीसी. तक्रार अशी की सपाटीला गाडी बरी, पण गगनबावड्याचा घाट चढायला लागली की दम तोडते, लाइट लागतो, आणि मग कितीही दाबा, पळत नाही. काळा धूर नाही. आधीच्या गॅरेजमध्ये कोड निघाला पी०१०१, आणि त्यांनी काही हजारांचा नवा सेन्सर बसवून दिला. पुढच्याच घाटात परत तेच. गाडीचे मालक आमच्याकडे आले ते चिडूनच. ‘आता तुम्ही कुठला पार्ट सांगणार?’ हे पहिलं वाक्य.

पी०१०२ आणि पी०१०३ म्हणजे सिग्नल फारच खाली किंवा फारच वर, तिथे वायर, कनेक्टर, सेन्सर ही शंका रास्त. पी०१०१ ची गोष्ट वेगळी. ईसीएमने आपल्या हिशोबाने काढलेली हवा आणि सेन्सरने सांगितलेली हवा जुळत नाही, एवढंच तो म्हणतो. दोघांत खोटं कोण बोलतंय ते शोधणं हे माणसाचं काम.

हिशोब कागदावर करता येतो. १२४८ ला चार सिलिंडरांनी भागलं की एकाला ३१२ सीसी. कोल्हापूर समुद्रसपाटीपासून साडेपाचशे मीटरच्या वर, इथे एक लिटर हवेचं वजन साधारण १.१ ग्रॅम. म्हणजे सिलिंडर गच्च भरला तर ३४० मिलिग्रॅम, थोडी गळती-अडवणूक धरली तर एका स्ट्रोकला ३०० च्या आसपास. ईजीआर बंद ठेवून आयडलला लाइव्ह डेटा बघितला, आकडा तिथेच होता. ईजीआर अडकून उघडा राहिला असता तर हा आकडा आयडललाच पडला असता, म्हणून त्याचं नाव यादीतून गेलं. मल्टिमीटर लावून बारा व्होल्ट, पाच व्होल्ट आणि अर्थिंग बघितलं, तिन्ही चोख.

मग लॅपटॉप जोडून गाडी जोतिबाच्या डोंगराकडे काढली. चढ लागला, तिसऱ्या गिअरला पूर्ण दाबली, आणि स्क्रीनवर मामला उघडा पडला. टर्बोचं, म्हणजे हवा दाबून इंजिनात भरणाऱ्या पंख्याचं, प्रेशर बरोबर चढत होतं, पण हवेचा आकडा मागे पडत होता. टर्बोला हवा मिळतेय आणि सेन्सरला ती दिसत नाही, याचा अर्थ हवा सेन्सरला चुकवून मधूनच कुठून तरी घुसतेय. टर्बोच्या पुढची, इंटरकूलरकडची नळी फाटली असती तर उलटं झालं असतं: हवेचा आकडा शाबूत, प्रेशर कमी आणि मागे काळा धूर. आकडे कुठल्या बाजूला चुकतात हे बघितलं की शोधायची जागा निम्मी होते.

दुकानात आणून धुराचं यंत्र लावलं. हे आम्ही उद्यमनगरातच बनवून घेतलंय. जाड पत्र्याचा डबा, आत लिक्विड पॅराफिनमध्ये भिजलेली वात, ती तापवायला डिझेलचा ग्लो प्लग, आणि कॉम्प्रेसरची हवा रेग्युलेटरने अगदी मंद केलेली. फिल्टरच्या बाजूने धूर सोडला. काही नाही. होस कोरडा, जोड घट्ट. मग चढावर इंजिन ओढीने जसं एका बाजूला कलतं तसं पहारीने हळूच कलवलं. सेन्सर आणि टर्बोच्या मधल्या रबरी होसच्या खालच्या घडीतून पांढऱ्या धुराची बारीक रेघ निघाली. सोडलं की बंद, कलवलं की सुरू. खाली आरसा धरला तेव्हा कुठे चीर दिसली, तीही घडीच्या आत.

नवा होस काही शेकड्यात आला. गाडीमालकांनी जुना सेन्सर वर्तमानपत्रात गुंडाळून डिकीत ठेवला होता. जुन्या अ‍ॅनालॉग जातीचा. इग्निशन चालू, इंजिन बंद ठेवलं तर त्याच्या सिग्नलच्या वायरवर साधारण १ व्होल्ट यायला हवा, तो बरोबर आला. तोच लावून पुन्हा जोतिबाचा चढ घेतला, लाइट लागला नाही. ‘मग नव्याचं काय करू?’ त्यांनी विचारलं. इलेक्ट्रिकचा माल कुणी परत घेत नाही, हे त्यांनाही माहीत होतं. तो आता त्यांच्या डिकीत असेल.

त्या कामाचं बिल करताना आण्णांचा आणि माझा जोरात वाद झाला. होस आणि बसवायची मजुरी एवढंच लावावं असं त्यांचं म्हणणं. माझं म्हणणं, होस बसवायला फार वेळ लागलाच नाही, बाकी सगळा दिवस शोधण्यात गेला. ‘नुसतं बघायचे पैसे डॉक्टर घेतो, मिस्त्री नाही,’ असं ते म्हणाले, आणि गिऱ्हाइकासमोरच म्हणाले. गिऱ्हाइकानेच मिटवलं. ‘काका, आधीच्यानं बघायचं काही घेतलं नव्हतं, तेच महागात पडलं,’ म्हणून त्यांनी पूर्ण पैसे ठेवले.

पुढच्याच आठवड्यात पाटी लावली: तपासणी ५०० रुपये, रोड टेस्ट आणि धूर टेस्ट वेगळी. काही लोक पाटी वाचून निघून गेले, अजूनही जातात. ‘काम इथंच केलं तर पाचशे वजा करा की,’ असं बरेचजण म्हणतात. ते आम्ही करत नाही, आणि त्यामागे हट्ट नाही. फुकट तपासणाऱ्याला पोट भरायला पार्ट विकावाच लागतो. पाचशे वजा करायची सवय लागली की पोरांच्याही डोक्यात तेच बसणार, की काम निघालं तरच आपला दिवस सार्थकी. सेन्सर ठीक आहे असं सांगून गाडी परत पाठवणाऱ्या पोराला त्याच्या वेळेचे पैसे मिळायला हवेत.

सेन्सर खरोखरच बिघडलेले येत नाहीत असं नाही. आमच्या भागात फौंड्रीची वाळू, खडी क्रशर आणि हंगामात बगॅसची (उसाच्या चोथ्याची) भुकटी, यांनी हवा भरलेली. त्यात लोकल एअर फिल्टर. त्याची रबरी कड डब्यात नीट बसत नाही. फिल्टरच्या स्वच्छ बाजूला पांढरं फडकं फिरवा, करडी रेघ आली की समजा धूळ बाजूने जातेय. तेल लावलेले कापडी स्पोर्ट्‌स फिल्टर तर आणखी वाईट, जास्त तेल झालं की ते तारेवर जाऊन बसतं आणि त्यावर धूळ चिकटते. मळकट सेन्सर आम्ही आधी धुतो, पण त्यासाठीच मिळणाऱ्या क्लीनरनेच. कापूस, ब्रश, बोट काही लावायचं नाही, कॉम्प्रेसरची हवा तर अजिबात नाही. पूर्ण वाळल्याशिवाय चावी फिरवायची नाही. धुऊन आकडा सुधारला नाही तरच नवा. आणि उंदरांनी कुरतडलेल्या वायरी हा वेगळाच विषय आहे, विशेषतः धान्याच्या गोदामाशेजारी लागणाऱ्या गाड्यांचा.

२०१९ च्या ऑगस्टमधल्या महापुराने आमचं काम एकदम वाढवलं, असं म्हणताना बरं वाटत नाही, पण खरं आहे. पंचगंगेचं पाणी उतरलं तशा गाड्या टोचन करून यायला लागल्या. आमचा पहिला प्रश्न एकच असायचा: पाण्यानंतर सेल्फ मारला का? फिल्टरचा डबा उघडून बघायच्या आधी सेल्फ मारला आणि सिलिंडरमध्ये पाणी असलं, तर पाणी दाबलं जात नाही, कनेक्टिंग रॉड वाकतो. ज्यांनी मारला नव्हता त्यांची इंजिनं वाचली. सेन्सरच्या तारांवर गाळाचा थर आणि कनेक्टरच्या पिनांवर हिरवा चढ. महामार्ग शिरोलीजवळ पाण्याखाली, पुण्याहून माल येईना, तेव्हा जे धुऊन, वाळवून, पिना घासून चालवता येईल ते चालवलं. २०२१ च्या जुलैत पुन्हा तेच, फक्त या वेळी लोक सेल्फ न मारता थेट फोन करत होते.

आता दुकानात धाकटा भाऊ वायरिंग बघतो, मी स्कॅनर आणि रोड टेस्ट, हाताखाली आयटीआयची पोरं. एप्रिल २०२० नंतरच्या बीएस ६ डिझेल गाड्यांत डीपीएफ, म्हणजे धुरातली काजळी अडवणारा फिल्टर, आणि त्याचे सेन्सर वाढले, हवेचा आकडा चुकला की काजळीचा हिशोबही बिघडतो, त्यामुळे काम कमी व्हायचं चिन्ह नाही. पोरांना पहिले काही महिने स्कॅनरला हात लावू देत नाही, आधी मल्टिमीटर आणि वायरिंगचा नकाशा. आण्णा दुपारी येऊन बसतात. अधूनमधून कुणाचा तरी जुना डायनामो भरून देतात आणि त्याचे तपासणीचे पैसे घेत नाहीत.

गाडी दाखवायला आणणार असाल तर एवढं करा. लाइट घालवायला बॅटरीची वायर काढू नका, कुणाकडून कोड पुसूनही आणू नका. लाइट लागला त्या क्षणी वेग, आरपीएम, पाण्याचं तापमान आणि इंजिनावरचा लोड किती होता, हे ईसीएम जपून ठेवतो. पुसलं की ते गेलं, आणि मग आम्हाला तोच बिघाड परत घडवून आणायला तुमचंच डिझेल जाळत जोतिबाला जावं लागतं. आधी बदललेले पार्ट असतील तर तेही डिकीत टाकून आणा.