वडनगरच्या ताना-रीरी: मल्हार गाऊन पाऊस आणणाऱ्या दोन बहिणींच्या गावी

मल्हार राग गायला की पाऊस येतो ही गोष्ट गाणं शिकणाऱ्या प्रत्येकाने कधी ना कधी ऐकलेली असते, पण त्यात नाव नेहमी तानसेनचं. ज्या दोघींच्या गाण्याने पाऊस आला म्हणतात त्या ताना आणि रीरी आपल्याकडे फारशा कोणाला माहीतच नाहीत, म्हणून गुजरातला जायचं ठरल्यावर मी हट्टाने वडनगर प्लॅनमध्ये घेतलं.

दंतकथा अशी. अकबराच्या आग्रहाखातर तानसेन दीपक राग गायला, दिवे पेटले, पण त्याच्या अंगाची आग काही केल्या थांबेना, मग तो शुद्ध मल्हार गाणारं कोणी मिळतंय का हे शोधत गावोगाव फिरत वडनगरला पोचला. तिथे पाणवठ्यावर दोघी बहिणी पाणी भरत होत्या आणि त्यातली एक घागर भरायची, आवाज ऐकायची, परत ओतून द्यायची, हवा तो सूर लागेपर्यंत हेच चाललेलं. तानसेनने ओळखलं. दोघी गायल्या, पाऊस आला, त्याचा दाह शमला. पण बातमी अकबराच्या दरबारी गेली, त्यांना न्यायला माणसं आली आणि दरबारात जाऊन गाण्यापेक्षा दोघींनी जीव दिला.

या दोघी गुजराती संतकवी नरसी मेहत्याच्या मुलीच्या, कुंवरबाईच्या, नाती असं तिकडे सांगतात. आपल्याकडे महिपतीच्या भक्तविजयात नरसी मेहत्याची कथा आहेच, त्यामुळे नातं एकदम जवळचं वाटायला लागतं. आईन-ए-अकबरी या अकबराच्या काळातल्या ग्रंथात दरबारी गायकांच्या यादीत तानसेन पहिला आहे, या दोघींना मात्र गावाने जपलं म्हणून त्या उरल्या.

मला सगळ्यात खरं वाटतं ते घागरीचं. पावसाचं ज्याचं त्याने ठरवावं, पण घागर भरत जाते तशी आतली हवेची जागा कमी होते आणि आवाज चढत जातो, हे घरी नळाखाली कळशी धरून कोणीही ऐकू शकतं, आणि त्या चढत्या आवाजात नेमका सूर पकडणारा कान वर्षानुवर्षं तानपुरा लावूनच तयार होतो. ही कथा ज्याने कोणी रचली त्याला गाणं कळत होतं एवढं नक्की.

आता जाणाऱ्यांसाठी. वडनगर मेहसाणा जिल्ह्यात, मेहसाण्यापासून साधारण 35 किमी आणि अहमदाबादहून 110 च्या आसपास. मुंबईहून राजस्थानकडे जाणाऱ्या बऱ्याच गाड्या मेहसाण्याला थांबतात, तिथून एसटी किंवा गाडी करा. 2021 पासून ब्रॉडगेज रेल्वेही आहे पण गाड्या मोजक्या, टाईमटेबल बघूनच निघा. मुक्काम मेहसाण्याला केलेला बरा.

ताना-रीरीच्या समाध्या एका बागेत आहेत, शेजारी शेजारी. बहुतेक लोक फोटो काढून लगेच निघतात, तसं करू नका. जाण्याआधी मियाँ मल्हारचा एखादा चांगला विलंबित (संथ लयीतला) ख्याल नीट ऐकून जा, त्यातला तो झुलणारा कोमल गंधार आणि दोन्ही निषाद हे सूर कानात असले की त्या जागी बसणं वेगळंच होतं. मी हेडफोन लावून बसले होते, तर बागेत काम करणाऱ्या एक बेन जवळ येऊन काय ऐकतेस विचारायला लागल्या, मग त्यांनाही ऐकवलं आणि त्या हातातलं काम ठेवून पूर्ण आलाप संपेपर्यंत बसल्या. त्यांनीच मग घागरीची गोष्ट हातवारे करून परत सांगितली, माझ्या वाचनातल्यापेक्षा कितीतरी छान!

कधी जायचं? उत्सव हवा असेल तर दिवाळीनंतर कार्तिक शुद्ध नवमीच्या सुमाराला. 2003 पासून तिथे ताना-रीरी महोत्सव होतो, आणि 2010 मध्ये सुरू झालेला ताना-रीरी पुरस्कार पहिल्यांदा लता मंगेशकर आणि उषा मंगेशकर या बहिणींना मिळाला, निवड करणाऱ्यांनी हे फार समजून केलंय असं मला वाटतं. पण निवांतपणा हवा असेल तर श्रावण-भाद्रपदात जा. हा भाग आपल्या कोकणासारखा नाही, पाऊस कमीच, त्यामुळे ढग भरून आले की गावातली माणसं खरंच वर बघत उभी राहतात आणि पावसासाठी गाण्याची कथा इथेच का रुजली ते आपोआप कळतं. मे महिना टाळा, ऊन झेपत नाही.

त्याच दिवसात हाटकेश्वर महादेवाचं देऊळ (नागर ब्राह्मणांचं कुलदैवत) आणि शर्मिष्ठा तलावाकाठचं सोळंकी काळातलं कीर्ती तोरण (कोरीव दगडी कमान) बघून होतं. तोरण जवळजवळ 40 फूट उंच, दुपारनंतरच्या उजेडात बघा. 2025 मध्ये उघडलेलं पुरातत्त्व संग्रहालय मात्र घाईत उरकू नका, उत्खननाची जागाच आत घेतली आहे, अडीच हजार वर्षांची वस्ती थराथराने दिसते. सुट्टीचा वार आधी तपासा.

हिवाळ्यात गेलात तर मेहसाण्याला तुवेर ठोठा (तुरीच्या दाण्यांची रस्साभाजी) खाच, ओल्या लसणाचा मस्त झणझणीत असतो. आणि एक दिवस जास्त असेल तर मोढेऱ्याचं सूर्यमंदिर आणि पाटणची राणी की वाव (पायऱ्यांची विहीर) दुसऱ्या दिवशी ठेवा, वडनगरसोबत एकाच दिवसात कोंबलंत तर कापणार समाधीवरचाच वेळ.