इंद्रजालाच्या बेचक्यात

नागपुरातून कुठल्याही दिशेला निघा, पाचशे किलोमीटरच्या आत समुद्र लागत नाही. तरी आमच्या प्रयोगशाळेच्या फ्रीजरमध्ये समुद्रातल्या जिवांचे तुकडे आहेत, आणि ते इथल्याच बाजारातून आलेले आहेत. डीएनएवरून प्राण्याची ओळख पटवणं हे माझं काम. वनविभाग जप्तीचा मुद्देमाल पाठवतो, तो कुठल्या प्राण्याचा ते आम्ही सांगतो. एरवी येतं ते विदर्भात येणारच असं: वाघाचं म्हणून विकलेलं कातडं, खवले मांजराचे खवले, पातेल्यातलं शिजलेलं मांस. म्हणून मे महिन्यातल्या एका दुपारी आलेलं ते खोकं मला वेगळं आठवतं.

खोक्यात फोटोच्या फ्रेमा होत्या. काचेमागे लाल मखमल, मखमलीवर काळं, चकचकीत, जाळीदार असं काहीतरी पसरवून चिकटवलेलं. काचेवर कुंकवाची बोटं. खाली छापील चिठ्ठी: इंद्रजाल, घनदाट जंगलातील दुर्मिळ जडी, दारावर लावल्यास नजरबाधा होत नाही. इतवारी आणि महाल भागातल्या पूजासाहित्याच्या दुकानांवर छापे पडले होते, तिथला हा माल. पंचनाम्यात 'वनस्पतीसदृश जाळीदार वस्तू' असं लिहिलं होतं. लिहिणाऱ्याचं मला मनापासून कौतुक वाटलं. त्यानं नुसतं 'वनस्पती' लिहिलं असतं तर तोच कागद पुढं कोर्टात आमच्यावर उलटला असता.

मुद्देमाल घेऊन आलेला वनरक्षक तरुण होता, कुहीकडचा. पावतीवर सही घेता घेता त्यानं विचारलं, "हे त झाडाचं मूळच आहे ना जी मॅडम? दुकानदार म्हणते, जंगलातून येते."

"नाही भाऊ, हा प्राणी आहे. समुद्रातला."

तो फ्रेमकडे बघत राहिला. "प्राणी आहे, मंग याचं तोंड कुठी आहे?"

इतका नेमका प्रश्न मला आजवर कुणी विचारला नव्हता. मी त्याला बसवून घेतलं.

हा समुद्रपंखा. तो एकटा जीव नसतो, हजारो बारीक जिवांची वसाहत असते. प्रत्येक जिवाला आठ संस्पर्शक, म्हणजे बारीक बोटांसारखे अवयव, आणि मध्ये एक तोंड. समुद्राच्या तळाशी खडकाला धरून ही वसाहत प्रवाहाला आडवी उभी राहते आणि पाण्यातून वाहत येणारे सूक्ष्म जीव टिपून खाते. आत आधाराला गॉर्गोनिन नावाच्या प्रथिनाचा लवचिक, शिंगासारखा कणा. त्याच्यावर जिवंत साल, आणि त्या सालीतल्या खळग्याखळग्यात ही तोंडं. या कण्याला आडवा छेद दिला तर वाढीची वलयं दिसतात. तो फार हळू वाढतो. हातभर पंखा व्हायला कितीतरी वर्षं जातात. मासेमारीच्या जाळ्यात तो उपटून येतो, किंवा मुद्दाम तोडला जातो. मग साल खरवडायची, कणा वाळवायचा, काळा रंग आणि वॉर्निश मारायचं, की झाली जंगलातली जडी. फ्रेममध्ये असतो तो उरलेला सांगाडा. तोंडं किनाऱ्यावरच खरवडली गेलेली असतात.

कायद्याच्या दृष्टीनं ही साधी बाब नाही. २००१ साली वन्यजीव संरक्षण अधिनियमाच्या पहिल्या अनुसूचीत समुद्रपंखे, काळं प्रवाळ, प्रवाळभित्ती बांधणारी सगळी प्रवाळं असे सागरी जीव घातले गेले. वाघ ज्या अनुसूचीत, त्याच अनुसूचीत. २०२२च्या दुरुस्तीनंतरही ते तिथंच आहेत, आणि शिक्षा तीन ते सात वर्षांची. वाघनखाचं लॉकेट घालायला लोक आता घाबरतात. इंद्रजाल मात्र दिवाणखान्यात, पाहुण्यांना दिसेल असं टांगलेलं असतं. मी हे सांगत होते तसा त्या वनरक्षकाचा चेहरा उतरत गेला. शेवटी म्हणाला, "आमच्या घरी बी आहे जी. आईनं जत्रेतून आणलं. आता काय करू?" मी म्हटलं, आजच्या आज साहेबांना सांगा आणि रीतसर जमा करा. त्यानं ते केलं, हे मला नंतर त्याच्या साहेबांकडूनच कळलं.

पण मी सांगितलं म्हणून कोर्ट मानत नाही. 'दिसतं तसं' हा पुरावा नव्हे, आणि बचाव ठरलेला असतो: अहो, हे मूळ आहे, आम्ही जडीबुटी म्हणून घेतलं. तेव्हा दोन गोष्टी सिद्ध करायच्या होत्या. ही वनस्पती नाही, आणि हा अनुसूचीतलाच प्राणी आहे.

अडचण वॉर्निशची. रंगातली रसायनं डीएनएच्या प्रती काढणाऱ्या विकराला (एन्झाइमला) अडवतात, आणि नुसत्या कण्यात डीएनए जवळजवळ नसतोच. म्हणून मी फ्रेमा उघडून एकेक पंखा स्टिरिओ मायक्रोस्कोपखाली घेतला आणि साल कुठं शिल्लक आहे ते शोधत बसले. फांद्यांवर काही नव्हतं, सगळं गुळगुळीत. बुडाजवळच्या बेचक्यांत मात्र, जिथं खरवडणाऱ्याची सुरी पोचत नाही, तिथं परातीच्या कडेला कणीक वाळून राहते तशी पांढुरकी खपली होती. त्यातला कण काढून काचपट्टीवर ब्लीचच्या थेंबात सोडला. मांसल भाग विरघळला आणि खाली राहिले स्क्लेराइट: कॅल्शियम कार्बोनेटचे सूक्ष्म काटे, चातीसारखे दोन्हीकडे निमुळते, अंगभर गाठी असलेले, काही रंगहीन, काही फिकट लाल. दुसऱ्या कणावर पातळ आम्ल टाकलं तर बुडबुडे फसफसून आले. वनस्पतींतही खनिजांचे खडे असतात, पण हा आकार, ही गाठींची रचना कुठल्याच वनस्पतीत नाही.

आणि मग एका पंख्याच्या बेचक्यात मला ते दिसलं. आधी वाटलं वॉर्निशचा ओघळ सुकलाय. भिंग वाढवलं तर ओघळाला काटेरी कडा. सुईनं वरचा थर अलगद उचलला. आत फांदीला घट्ट वेढा घालून बसलेला एक ब्रिटल स्टार होता, तारामाशाच्या नात्यातला जीव, मधली चकती जेमतेम मोहरीएवढी. मी हात मोजले. पुन्हा मोजले. सहा होते.

या कुळातल्या बहुतेकांना पाच हात असतात. सहा हातांचे, एवढेसे आणि समुद्रपंख्याला लपेटून राहणारे म्हटलं की ओफिओथेला ही प्रजाती डोळ्यांपुढं येते. हिंदी आणि प्रशांत महासागरातली ही रहिवासी. चकती मधून दुभंगते, दोन्ही अर्ध्यांकडे तीन-तीन हात जातात, आणि उरलेले पुन्हा फुटतात. एकीच्या दोन होतात. या शतकात ती ब्राझीलच्या किनाऱ्यावर जाऊन पोचली आणि तिथल्या समुद्रपंख्यांवर पसरली, तेव्हापासून तिच्यावर बराच अभ्यास झालाय. तीच माझ्यासमोर होती, इतवारीत विकायला ठेवलेल्या फ्रेममध्ये, रंगासकट वाळलेली. मी सहकाऱ्यांना हाक मारली. थोडा वेळ कुणी बोललं नाही, आळीपाळीनं फक्त डोळा लावत होते. मग आमचे वरिष्ठ म्हणाले, "आधी फोटो. मोजपट्टी ठेवून. मग हात लाव."

समुद्रपंखा म्हणजे नुसती शोभा नव्हे, ते घर असतं, हे त्या दिवशी आम्हाला पुराव्यासकट दिसलं. जगातल्या सर्वांत चिमुकल्या समुद्रघोड्यांपैकी एक, बार्गिबांटी, १९६९ साली सापडला तो असाच. न्यू कॅलेडोनियात समुद्रातून काढलेला समुद्रपंखा टेबलावर तपासताना जॉर्ज बार्गिबांट यांना तो दिसला, तोवर कुणाच्या नजरेला पडला नव्हता. बाजारासाठी सरसकट खरवडलेल्या पंख्यांबरोबर काय काय खरवडलं गेलं असेल, या विचारानं मला अजूनही अस्वस्थ व्हायला होतं.

मग डीएनए. खपलीचे कण आणि ब्रिटल स्टारचा एक हात वेगवेगळ्या नळ्यांत, वेगवेगळ्या खोल्यांत. रात्रभर प्रोटिनेज के, म्हणजे प्रथिनं विरघळवून डीएनए मोकळा करणारं विकर, सकाळी शुद्धीकरण. वनस्पतींसाठी आरबीसीएल हे हरितलवकातलं जनुक तपासलं. २००९ पासून ते वनस्पतींच्या ओळखीचं मान्य जनुक आहे. तुलनेला शेजारी आवारातल्या कडुनिंबाचं पान. जेलवर कडुनिंबाच्या रांगेत झळझळीत पट्टा, म्हणजे जनुक सापडल्याची खूण, पंख्यांच्या रांगा कोऱ्या. पण कोरी रांग हा पुरावा नसतो, वॉर्निशनं विकर मारलं असेल तरीही ती कोरीच येईल. म्हणून पंख्याच्या अर्कात मुद्दाम कडुनिंबाचा डीएनए मिसळून पुन्हा तपासलं. पट्टा आला. म्हणजे अर्क अडवत नव्हता, त्यात वनस्पतीचा डीएनएच सापडत नव्हता. उलटतपासणीत या एका चाचणीचा मला सगळ्यात मोठा आधार असणार आहे.

प्राण्याची बाजू जास्त अवघड. प्राण्यांच्या ओळखीसाठी सीओआय हे मायटोकॉन्ड्रियातलं जनुक वापरतात. कॅनडातल्या पॉल हेबर्ट यांनी २००३ साली ही डीएनए बारकोडिंगची पद्धत मांडली. मासे, पक्षी, कीटक यांना ती लागू पडते, पण समुद्रपंख्यांपुढं ती थकते. या आठ संस्पर्शकांच्या प्रवाळांच्या मायटोकॉन्ड्रियात म्युट-एस नावाचं एक जास्तीचं जनुक असतं, इतर प्राण्यांच्या मायटोकॉन्ड्रियात ते नाही. जिवाणूंमध्ये याच घराण्यातलं जनुक डीएनएची नक्कल होताना पडलेल्या चुका दुरुस्त करतं. इथंही ते तेच करत असावं असं मानतात. त्यामुळं यांचा मायटोकॉन्ड्रियातला डीएनए फार संथपणे बदलतो, आणि जवळच्या जाती त्यावरून वेगळ्या काढता येत नाहीत. आम्ही म्युट-एसचाच छोटा तुकडा घेतला, कारण जुन्या, वाळलेल्या नमुन्यात लांब तुकडे शाबूत राहत नाहीत. आणि ते जनुक नुसतं सापडणं हीसुद्धा एक ओळखच. झाडाच्या मुळात ते मिळणार नाही.

त्या तुकड्यातल्या डीएनएच्या अक्षरांचा क्रम जुळला. समुद्रपंख्यांच्या एका कुळापर्यंत आम्ही पोचलो, नेमक्या जातीपर्यंत नाही. ब्रिटल स्टारच्या सीओआयनं मात्र आढेवेढे घेतले नाहीत, सरळ ओफिओथेला दाखवली.

तपास अधिकाऱ्यांना जातीचं नाव हवं होतं. मी दिलं नाही. जेवढं कळलं तेवढंच लिहायचं, यात तडजोड करायची नाही हे मी या कामात शिकले आहे, आणि इथं त्यानं खटल्याचं काही बिघडतही नव्हतं. अनुसूचीत 'सर्व' समुद्रपंखे आहेत, कायदा करणाऱ्यांनी एकेका जातीची यादी केली नाही, हे फार बरं झालं. एक बारकावा मात्र सांभाळावा लागला. २०२२ मध्ये या प्रवाळांचं वर्गीकरण जीनोममधल्या (संपूर्ण डीएनएमधल्या) शेकडो जनुकांच्या आधारे नव्यानं मांडलं गेलं, आणि समुद्रपंखे हा एकाच पूर्वजापासून आलेला गट उरला नाही. वेगवेगळ्या शाखांमध्ये तो आकार स्वतंत्रपणे आला आहे. हुशार वकील विचारेल, तुमच्या शास्त्रात हा गणच आता नाही, मग गुन्हा कसला? म्हणून अहवालात कण्याचं प्रथिन, स्क्लेराइटचे फोटो, म्युट-एसचा क्रम आणि पंख्याला लपेटलेली ओफिओथेला असं सगळं एकमेकांना धरून लिहिलं. त्यांपैकी एक दुवा ओढला तरी बाकीचे जागेवर राहतात.

माझी खरी तगमग वेगळ्या प्रश्नाची आहे. हे पंखे कुठल्या समुद्रातले? मन्नारच्या आखातातले, लक्षद्वीपचे, अंदमानचे की आपल्या सिंधुदुर्गासमोरच्या आंग्रे बँक या समुद्रात बुडालेल्या पठारावरचे? आफ्रिकेत जप्त झालेला हस्तिदंत कुठल्या जंगलातल्या हत्तींचा, हे डीएनएवरून शोधलं गेलंय आणि त्यातून तस्करीचे अड्डे उघडे पडलेत. तसं इथंही होऊ शकतं: जीनोमभर विखुरलेल्या हजारो बदलांची तुलना केली तर मन्नारची वसाहत आणि अंदमानची वसाहत वेगळी ओळखता येईल. पण त्यासाठी आधी प्रत्येक ठिकाणचे, परवानगीनं घेतलेले, खात्रीचे नमुने हवेत, आणि त्यांचे क्रम सर्वांना बघता येतील असे साठवलेले हवेत. आपल्या किनाऱ्यावरच्या समुद्रपंख्यांचे असे क्रम फार थोडे आहेत. यंत्रं आहेत, हात आहेत. तुलना कशाशी करायची तेच हाताशी नाही. यावर पैसा आणि माणसं लावायला हवीत असं मी मिळेल त्या बैठकीत सांगते. उत्तर-दक्षिण आणि पूर्व-पश्चिम रेल्वेमार्ग नागपुरातच एकमेकांना छेदतात. दोन्ही किनाऱ्यांचा माल इथून जातो. असा साठा नागपुरात उभारणं अजिबात विचित्र नाही.

अहवाल गेला. खटला उभा आहे, साक्षीचं समन्स यायचंय. तोवर एक काम झालं: वनविभागाच्या प्रशिक्षणात इंद्रजालासाठी वेगळा तास मिळाला. फ्रेम उघडू नका, पुसू नका, धुऊन स्वच्छ करून तर अजिबात पाठवू नका. बुडाकडचा भाग तुटू देऊ नका. प्रत्येक नग वेगळ्या कागदी पाकिटात, प्लॅस्टिकमध्ये नको, दमट होतो. छापील चिठ्ठी आणि घाऊक बिलं मुद्देमालातच घ्या, त्यावर पुरवठादाराचं गाव असतं. पुढच्या जप्तीतला माल आला तो अगदी तसा बांधलेला. पाकिटांवरचं अक्षर ओळखीचं होतं, त्याच कुहीकडच्या वनरक्षकाचं, आणि एका पाकिटावर त्यानं पेन्सिलनं लिहिलं होतं: मॅडम, बेचक्यात काहीतरी आहे, पाहून घ्या.