नेली रेव्हेल: दुसऱ्यांची नावं गाजवणारी बाई

जुन्या नाटकवाल्यांबद्दल वाचताना नट-नट्या, फार तर मालक भेटतात, पण ज्यांनी त्यांची नावं लोकांच्या तोंडी बसवली त्यांचं कुणी लिहीत नाही. म्हणून आज नेली रेव्हेलबद्दल.

ही अमेरिकेतली, इलिनॉयच्या स्प्रिंगफिल्डची. आधी पेपरात बातमीदार, मग सर्कस आणि वॉडव्हिलची प्रेस एजंट. वॉडव्हिल म्हणजे एकाच तिकिटात गाणं, नाच, नकला, कसरती सगळंच. तेव्हा घरोघरी रेडिओसुद्धा नव्हता, त्यामुळे खेळ चालायचा तो पोस्टर आणि पेपरातल्या बातमीच्या जोरावर. सर्कस गावात यायच्या आधीच तिची माणसं येऊन भिंती रंगीत पोस्टरांनी भरून टाकायची, आणि प्रेस एजंट पेपरच्या ऑफिसात जाऊन फ्री पास वाटणार, गप्पा मारता मारता एखादा असा किस्सा सोडणार की उद्या छापून आलाच पाहिजे. १८९६ मध्ये अ‍ॅना हेल्ड ही नटी दुधाने अंघोळ करते म्हणून न्यूयॉर्कभर चर्चा झाली, ती असल्याच डोक्यातून निघालेली.

हा सगळा पुरुषांचा धंदा आणि नेलीने त्यात स्वतःच्या हिमतीवर नाव कमावलं, हेच मला खूप मोठं वाटतं. पण खरी नेली पुढे दिसते.

१९१९ मध्ये तिचा कणा निकामी झाला. न्यूयॉर्कच्या हॉस्पिटलात काही वर्षं पडून, अंग प्लास्टरमध्ये, साठवलेले पैसे संपत चाललेले, आणि अशा अवस्थेत ही बाई पाठीवर पडल्या पडल्या लिहीत होती! त्यातनंच १९२३ मध्ये 'राइट ऑफ द चेस्ट' हे पुस्तक आलं. आजारपणावरचं पुस्तक, पण रडगाणं नाही, उलट हसवते. ज्या नाटकवाल्यांसाठी ती आयुष्यभर पळाली ते तिच्या पाठीशी उभे राहिले, हे वाचून खरंच बरं वाटलं.

आणि ती पुन्हा उभी राहिली. सर्कसच्या जगावर 'स्पँगल्स' कादंबरी लिहिली, तिच्यावर १९२६ मध्ये सिनेमाही आला, आणि पुढे साठीच्या आसपास एनबीसी रेडिओवर कलाकारांच्या मुलाखती घ्यायला लागली. १९५८ मध्ये गेली. तिच्यावर एखादं चांगलं चरित्र मराठीत यायलाच हवं, कुणी लिहिणार असेल तर मी पहिला वाचक.