ह्यूस्टनच्या वकीलबाई

ह्यूस्टनला कुणाचे आईवडील किंवा सासूसासरे आले की त्यांना दाखवायच्या जागा ठरलेल्या असतात. नासाचं स्पेस सेंटर, पियरलँडचं मीनाक्षी मंदिर, गॅल्व्हेस्टनचा समुद्र, मग हिलक्रॉफ्टवरून किराणा भरून घरी. डाउनटाउनच्या ईशान्येला असलेल्या फिफ्थ वॉर्डात पाहुण्यांना कुणी नेत नाही. मी नेते, कारण अमेरिकेच्या संसदेत गाजलेल्या कृष्णवर्णीय वकीलबाई बार्बरा जॉर्डन तिथल्या. अमेरिकेत राहायचं ठरवल्यावर हा देश नेमका कशावर उभा आहे हे मला समजून घ्यायचं होतं, आणि ते मला सगळ्यात जास्त या बाईंमुळे कळलं.

त्यांचा जन्म २१ फेब्रुवारी १९३६ चा. वडील गोदामात कारकून आणि बॅप्टिस्ट चर्चमध्ये धर्मोपदेशक. आजोबांचा भंगाराचा धंदा होता आणि लहानपणी त्या त्यांच्या हाताखाली काम करायच्या. फिलिस व्हीटली या कृष्णवर्णीय मुलांच्या शाळेत शिकागोच्या एडिथ सॅम्पसन नावाच्या कृष्णवर्णीय वकीलबाई भाषणाला आल्या आणि त्यांना ऐकून या मुलीनं वकील व्हायचं पक्कं केलं. पण टेक्सस युनिव्हर्सिटीचं दार बंद होतं. हेमन स्वेट नावाच्या टपाल कर्मचाऱ्यानं तिथल्या लॉ स्कूलमध्ये प्रवेश मागितला, तेव्हा त्याला आत घ्यावं लागू नये म्हणून राज्यानं १९४७ मध्ये ह्यूस्टनला कृष्णवर्णीयांसाठी वेगळं विद्यापीठच काढलं. आजची टेक्सस सदर्न युनिव्हर्सिटी ती हीच. जॉर्डन तिथे शिकल्या आणि वादविवादात इतक्या तयार झाल्या की त्यांच्या संघानं हार्वर्डशी बरोबरी साधली.

पुढे कायदा शिकायला त्या बोस्टन युनिव्हर्सिटीत गेल्या. गोऱ्या मुलांबरोबर एका वर्गात बसायची ती पहिलीच वेळ. तिथे त्यांच्या लक्षात आलं की आपल्या शहरातल्या उत्तमातल्या उत्तम ‘वेगळ्या’ शाळांनीही आपल्याला या मुलांच्या बरोबरीला आणलेलं नाही. उरलेलं अंतर त्यांनी रात्री वाचनात घालवून भरून काढलं. १९५९ मध्ये पदवी मिळाली, वर्षभर अलाबामातल्या टस्कीगी इन्स्टिट्यूटमध्ये शिकवलं, आणि १९६० मध्ये ह्यूस्टनला परतून आईवडिलांच्या घरातच, जेवणाच्या टेबलावर, वकिली सुरू झाली.

आता त्यांच्या पराभवांबद्दल जरा सविस्तर लिहिते, कारण मला ते विजयांपेक्षा महत्त्वाचे वाटतात. १९६२ आणि १९६४ अशा दोन्ही वेळा त्या टेक्ससच्या प्रतिनिधीगृहासाठी उभ्या राहिल्या आणि दोन्ही वेळा हरल्या. त्या काळी हॅरिस काउंटीतल्या, म्हणजे ह्यूस्टनच्या जिल्ह्यातल्या, प्रत्येक जागेसाठी मतदान अख्ख्या काउंटीत व्हायचं. कृष्णवर्णीय वस्त्यांनी एकगठ्ठा मतं दिली तरी ती गोऱ्या बहुसंख्येत बुडून जायची. त्यात मतदानासाठी पोल टॅक्स भरावा लागे, म्हणजे गरिबाला मत देण्याआधीच खिशात हात घालावा लागे. मग दोन गोष्टी घडल्या. १९६४ मध्ये सर्वोच्च न्यायालयानं ‘रेनॉल्ड्स विरुद्ध सिम्स’ खटल्यात सांगितलं की राज्यांच्या विधिमंडळांचे मतदारसंघ लोकसंख्येच्या प्रमाणातच असले पाहिजेत. टेक्ससला नकाशा नव्यानं आखावा लागला. आणि १९६६ मध्ये न्यायालयांनी पोल टॅक्सही मोडीत काढला. त्याच वर्षी जॉर्डन तिसऱ्यांदा उभ्या राहिल्या, या वेळी राज्याच्या सिनेटसाठी, म्हणजे वरिष्ठ सभागृहासाठी, आणि सहज निवडून आल्या. उमेदवार तीच, शहर तेच, आणि भाषणंही फारशी बदललेली नसावीत. बदलला होता तो मतं मोजण्याचा नियम. १८८३ नंतर टेक्ससच्या सिनेटमध्ये कृष्णवर्णीय सदस्य आला नव्हता, आणि कृष्णवर्णीय स्त्री तर कधीच आली नव्हती.

तिथे त्यांनी भाषणं कमी केली आणि कामं जास्त. राज्याचा पहिला किमान वेतनाचा कायदा त्यांच्याच काळातला. १९७२ मध्ये त्या काँग्रेसवर, म्हणजे देशाच्या संसदेवर, निवडून गेल्या. अँड्र्यू यंग आणि त्या, दक्षिणेतून काँग्रेसमध्ये पोचलेले विसाव्या शतकातले ते पहिले निवडून आलेले कृष्णवर्णीय. माजी अध्यक्ष लिंडन जॉन्सन यांनी शब्द टाकला आणि त्यांना काँग्रेसच्या न्याय समितीत जागा मिळाली. तेव्हा ती जागा केवढी मोलाची ठरणार आहे, याची कुणाला कल्पना नव्हती.

२५ जुलै १९७४. वॉटरगेट प्रकरणात अध्यक्ष निक्सन यांच्यावर महाभियोग चालवावा का, यावर न्याय समितीची बैठक दूरचित्रवाणीवर दाखवली जात होती. जॉर्डन यांची पाळी रात्री आली. ‘आम्ही लोक’ ही राज्यघटनेची सुरुवात घेऊन त्या म्हणाल्या की १७ सप्टेंबर १७८७ ला हा दस्तऐवज पूर्ण झाला तेव्हा त्या ‘आम्ही लोक’मध्ये मी नव्हते, घटनादुरुस्त्या, अन्वयार्थ आणि न्यायालयांचे निकाल यांतून शेवटी माझा समावेश झाला. आणि लगेच पुढे, राज्यघटनेवर माझा विश्वास पूर्ण आहे, तिची मोडतोड होत असताना मी इथे नुसती बघत बसणार नाही.

बहुतेकांना भाषणाचा एवढाच भाग माहीत असतो. माझ्या मते खरी ताकद त्यानंतरच्या मिनिटांत आहे. तिथे त्या वक्त्या राहत नाहीत, वकील होतात. महाभियोग कशासाठी असतो याबद्दल घटनाकारांनी काय म्हटलं होतं ते एका बाजूला आणि अध्यक्षांनी काय केलं ते दुसऱ्या बाजूला, अशी एकेक जोडी मांडत जातात. आवाज चढत नाही, कुणाला शिवी नाही, ‘मला वाटतं’ असंही फारसं नाही. शेवटी म्हणतात की इथले आरोप जर महाभियोगाच्या कलमात बसत नसतील, तर अठराव्या शतकातली ही घटना विसाव्या शतकातल्या कागद फाडायच्या यंत्रात टाकून द्यावी. दोन आठवडे उलटले आणि निक्सन यांनी राजीनामा दिला. बाबासाहेबांची संविधान सभेतली भाषणं वाचलेल्या माणसाला ही रीत ओळखीची वाटेल. ज्या समाजाला कायद्यानं बाहेर ठेवलं, त्याच समाजातून आलेला वकील कायदाच हातात घट्ट धरून बोलतो.

आमच्या रोजच्या जगण्याशी मात्र १९७५ सालाचा संबंध जास्त जवळचा आहे. वर्णावरून मताचा हक्क नाकारायला बंदी घालणाऱ्या १९६५ च्या मतदान हक्क कायद्याची मुदत वाढवायची होती. राज्यांच्या निवडणूक नियमांवर केंद्र सरकारनं ठेवायच्या देखरेखीच्या मूळ कायद्यातल्या तरतुदी टेक्ससला लागू नव्हत्या. जॉर्डन यांनी खटपट करून त्यांची व्याप्ती वाढवली. जिथे इंग्रजी न येणारे मतदार मोठ्या संख्येनं आहेत तिथे त्यांच्या भाषेत मतपत्रिका द्यावी, हे कायद्यात आलं आणि टेक्ससमधले मेक्सिकन-अमेरिकन त्यात सामावले गेले. टेक्ससचे गव्हर्नर त्यांच्याच पक्षाचे होते, त्यांचा विरोध होता. तरीही त्या मागे हटल्या नाहीत. आज आमच्या हॅरिस काउंटीत मतपत्रिका इंग्रजी, स्पॅनिश, व्हिएतनामी आणि चिनी अशा चार भाषांत असते. नागरिकत्व घेतल्यावर मी पहिल्यांदा मतदानाला गेले तेव्हा पुढे एक व्हिएतनामी आजी होत्या. त्यांनी यंत्रावर आपली भाषा निवडली आणि मागच्या रांगेची अजिबात घाई न बाळगता सगळं वाचून मत दिलं. मला फार आनंद झाला.

१९७६ मध्ये डेमोक्रॅटिक पक्षाच्या अधिवेशनात बीजभाषण करून त्या देशभर गाजल्या. मल्टिपल स्क्लेरोसिस या मज्जासंस्थेच्या आजाराचं निदान १९७३ मध्येच झालं होतं, ते त्यांनी जाहीर केलं नाही. तीनच कार्यकाळ करून १९७९ मध्ये त्या काँग्रेसमधून बाहेर पडल्या आणि ऑस्टिनला, एकेकाळी त्यांना दार बंद असलेल्या त्याच टेक्सस युनिव्हर्सिटीत, शिकवू लागल्या.

इथवरचं सगळं आवडीनं सांगता येतं. पुढचं आपल्या लोकांना टोचतं आणि म्हणून ते कुणी सांगत नाही. नव्वदच्या दशकात त्या स्थलांतर सुधारणा आयोगाच्या अध्यक्ष झाल्या. आयोगानं कायदेशीर स्थलांतर साधारण एक तृतीयांशानं घटवून वर्षाला ५,५०,००० वर आणावं अशी शिफारस केली. नवराबायको आणि लहान मुलं यांना आधी घ्या, भावंडांसाठीचा वर्गच बंद करा, असं त्यात होतं. माझ्या धाकट्या भावाचा अर्ज त्याच वर्गात पडून आहे. आयोगाचं म्हणणं असं की जी रांग माणसाच्या उमेदीच्या काळात संपतच नाही, ती आशा दाखवून फसवणूक करते. मला हे पटत नाही. रांग लांब असेल तर जागा वाढवाव्यात. काँग्रेसनंही १९९६ मध्ये ही कपात मंजूर केली नाही. नोकरी देताना कामाचा हक्क संगणकावर पडताळावा ही शिफारस मात्र रुजली. आपल्याकडून शिकायला आलेली, एसटीईएम ओपीटीवर (विज्ञान-तंत्रज्ञानाच्या पदवीनंतर मिळणाऱ्या कामाच्या वाढीव परवान्यावर) असलेली मुलं ज्या ई-व्हेरिफाय या पडताळणी यंत्रणेत नोंदलेल्या कंपन्या शोधतात, तिचं मूळ तिथे आहे.

पण ज्यांनी त्यांना आज स्थलांतराच्या विरोधकांचं दैवत करून ठेवलं आहे, त्यांनी १९९५ ची त्यांची साक्षही वाचावी. बेकायदा राहणाऱ्यांच्या इथे जन्मलेल्या मुलांचं नागरिकत्व काढून घ्यावं, असा प्रस्ताव तेव्हा होता. बेकायदा स्थलांतराविरुद्ध कडक राहा असं सांगणाऱ्या याच बाईंनी त्याला साफ विरोध केला. पुढच्या वर्षी १७ जानेवारीला, वयाच्या ५९ व्या वर्षी त्या गेल्या.

जानेवारी २०२५ मध्ये अध्यक्ष ट्रम्प यांचा जन्मसिद्ध नागरिकत्वावर मर्यादा घालणारा आदेश निघाला. त्यात तर एच-वन-बीसारख्या तात्पुरत्या व्हिसावर असलेल्या आईवडिलांची मुलंही वगळली होती. आदेश लगेच न्यायालयांत अडकला, तरी आमच्या ओळखीतल्या दिवस गेलेल्या मुलींची झोप उडाली. त्यातल्या एकीला मी जॉर्डन यांचं म्हणणं समजावून सांगत बसले होते. ज्या १८६८ च्या चौदाव्या दुरुस्तीनं तुझ्या बाळाला नागरिकत्व मिळणार आहे, ती गुलामगिरीतून सुटलेल्या माणसांसाठी झाली. १९७४ च्या त्या रात्री त्या ज्या घटनादुरुस्त्यांबद्दल बोलल्या, त्यांतलीच ही एक.