अळीची कमाई

पावसाळ्यात कोकणातल्या कुणाच्या तरी पडवीत, ट्यूबलाइटखाली, वीतभर पंखांचा तांबूस पतंग येऊन बसतो आणि सकाळी चहाच्या आत त्याचा फोटो अख्ख्या वाडीच्या फोनवर पोचलेला असतो. अ‍ॅटलास पतंग. पंखांच्या टोकांवर सापाच्या डोक्याचा भास, मध्ये खवले नसलेल्या पारदर्शक त्रिकोणी खिडक्या. आग्नेय आशियाच्या वर्षावनांतल्या जातीला हे नाव स्वीडिश निसर्गशास्त्रज्ञ लिनियसने १७५८ साली दिलं; पश्चिम घाटातली आणि श्रीलंकेतली तिची भाऊबंद अ‍ॅटॅकस टॅप्रोबॅनिस.

कौतुक व्हायलाच हवं, पण सगळं पंखांचंच होतं आणि अळीला कुणी विचारत नाही, हे मला खटकतं. कारण या देखण्या प्राण्याला खाता येईल असं तोंडच नसतं. आठवडाभर, फार तर दोन आठवडे तो जगतो, ते अळीने साठवलेल्या चरबीवर. वाडवडिलांच्या ठेवीवर ऐट करणाऱ्या नातवासारखं!

ठेव जमते कशी? अंड्यातून निघालेली अळी महिनाभराहून जास्त काळ नुसती खात असते. दालचिनी, पेरू, लिंबू, जे पान सोसेल ते. कात टाकत टाकत ती चांगली बोटभर लांब आणि जाडजूड होते. अंगावर मेणाची पांढरी भुकटी. कुणी छेडलंच तर उग्र दर्पाचा द्रव उडवते. शेवटी पानात रेशमाचा कोष विणते आणि त्या पानाचा देठही रेशमानेच फांदीला बांधून टाकते. पान वाळलं तरी कोष गळून पडत नाही. इतका पुढचा विचार तर आपण पागोळ्या गळायला लागेपर्यंत कौलांचाही करत नाही.

साधारण चार आठवड्यांनी पतंग बाहेर येतो. मादी फार लांब जात नाही. जवळच लटकून गंध सोडते. नर पिसांसारख्या रुंद शृंगिकांनी, म्हणजे डोक्यावरच्या मिशांनी, तो गंध हुंगत अंधारातून येतो. वाटेत आपला दिवा लागला की भुलतो आणि रात्रभर तिथेच फडफडतो. खर्ची पडलेली शक्ती भरून काढायची त्याला सोयच नाही. फोटो काढून झाला की दिवा मालवावा, एवढं तरी करता येतं.

तैवानमध्ये म्हणे रिकाम्या कोषाला चेन लावून पैशांचं पाकीट करतात. अळीच्या कमाईची तेवढी तरी कुणी दखल घेतली.