जरा बंदरार जावन येतंय

आमच्या बाबांचं हे रोजचं वाक्य. साडेपाच वाजले, चहा पिऊन झाला, की पायात चपला सरकवायच्या, खिशात रुमाल आहे ना बघायचं आणि उंबऱ्यातून आत तोंड करून सांगायचं, "जरा बंदरार जावन येतंय". कशाला ते आई विचारत नाही, लग्नाला चाळीसेक वर्षं झाली, तिने एकदाही विचारलं नसेल. वेंगुर्ल्यात बंदरावर जायला कारण लागत नाही. खरं तर आता बंदरावर जाण्यासारखं काही उरलेलंच नाही, बोट बंद होऊन जमाना झाला, पण संध्याकाळी निम्मा गाव असा चालत, स्कूटरवर, नातवंडांना पुढे उभं करून बंदराच्या दिशेने निघालेला असतो, जसं काही कोणी तरी मुंबईहून येणार आहे आणि आपण नाही गेलो तर ट्रंक कोण उचलणार.

यंदा एप्रिलमध्ये पंधरा दिवस घरी होते. लॅपटॉप घेऊन आले होते, वर्क फ्रॉम होम वगैरे, म्हणजे सकाळी मीटिंग आणि दुपारी आईबरोबर पडवीत ओले काजू सोलणे. मुंबईत कोणाला सांगितलं की मी वेंगुर्ल्याची, तर दोनच प्रश्न येतात, "म्हणजे मालवणच्या जवळ ना?" किंवा "म्हणजे गोव्याच्या जवळ ना?" दोन्हीला हो म्हणायचं आणि सोडून द्यायचं. (तिसरा प्रश्न जरा शिकलेले लोक विचारतात, वेंगुर्ला की वेंगुर्ले? दोन्ही. पाटीवर एक, कागदावर एक, आणि आम्ही बोलताना म्हणतो वेंगुर्ल्याक जातंय, त्यात दोन्ही चालतात.)

पण हे गोव्याच्या जवळ असणं आहे ना, ते या गावाच्या पाचवीलाच पुजलंय, मी गंमत करत नाहीये. डच लोक इथे आले ते १६३८ च्या सुमाराला, आणि का आले, तर वेंगुर्ला फार आवडलं म्हणून नाही. त्यांना पोर्तुगीजांच्या गोव्याची समुद्रातून कोंडी करायची होती, तर त्या जहाजांना पाणी, धान्य, सामान पुरवायला जवळ एक बंदर हवं होतं. मग इथे वखार बांधली. ती डच वखार अजून आहे, म्हणजे भिंती आहेत, चिऱ्याच्या, जाडजूड, छप्पर गेलेलं, भिंतींच्या सांध्यातून झाडं बाहेर आलेली. संरक्षित स्मारक आहे असं म्हणायचं. लहानपणी आम्हाला तिथे जायची बंदी होती कारण साप, आणि मोठेपणी जायचं काही कारण नव्हतं. यंदा मुद्दाम गेले. दारातून आत डोकावले, कमान छान आहे, आत गवत कंबरेएवढं, एक बकरी माझ्याकडे बघत होती, मी परत आले. साप काय, अजून असतीलच.

नंतर १८१२ मध्ये सावंतवाडीकरांकडून हे बंदर इंग्रजांकडे गेलं आणि मग त्याचे खरे बरे दिवस आले. घाटावरचा माल बेळगावकडून घाट उतरून इथे यायचा आणि इथून जहाजात चढायचा. गावात गाडीअड्डा नावाची जागा आहे, बैलगाड्या गेल्या, नाव राहिलं. मी शाळेत असेपर्यंत मला वाटायचं गाडीअड्डा म्हणजे रिक्षा उभ्या राहतात म्हणून. क्रॉफर्ड मार्केटसुद्धा आहे आमच्याकडे, हसू नका, खरंच आहे. आणि मग १८८० च्या दशकात गोव्यात मुरगाव बंदरापर्यंत रेल्वे आली, ती थेट वर घाटावर जाऊन इंग्रजांच्या रेल्वेला मिळाली, आणि घाटावरच्या मालाने वेंगुर्ल्याचा रस्ता सोडला तो सोडलाच. म्हणजे एकदा गोव्यामुळे गाव वर आला आणि एकदा गोव्यामुळे खाली गेला. आता गोव्याला जाणारे टुरिस्ट सागरी रस्त्याने गावातून जातात, कधी कधी थांबून सोलकढी पितात आणि विचारतात, शिरोड्याला जायला कुठून वळायचं.

माल गेला तरी माणसांची बोट मात्र नंतर कितीतरी वर्षं होती. मुंबईला भाऊच्या धक्क्यावरून सुटायची आणि रत्नागिरी, मुसाकाजी, विजयदुर्ग, देवगड, मालवण असं करत वेंगुर्ला आणि पुढे पणजी. बाबा दहा वर्षांचे असताना आजोबांबरोबर पहिल्यांदा मुंबईला गेले ते याच बोटीने. बोट काही धक्क्याला लागायची नाही, बाहेर खोल पाण्यात उभी राहायची, आणि माणसं, ट्रंका, फणस, आंब्याच्या पेट्या सगळं पडावातून, म्हणजे मोठ्या होडीतून, तिच्यापर्यंत न्यायचं. लाट वर आली की पडावातल्या माणसाने शिडीला हात घालायचा, लाट खाली गेली तर थांबायचं. बाबा सांगतात, वरून एका खलाशाने त्यांची कॉलर धरली आणि उचलून आत टाकलं, जसं टोपलीतला बांगडा टाकतात तसं. मग विजयदुर्ग येईपर्यंत ओकत होते. मुंबईला पोचल्यावर दोन दिवस जमीन हलत होती. हे ते इतक्यांदा सांगतात की आम्हा भावंडांना पाठ आहे, पण मधेच एखादी नवीन गोष्ट निघते. यंदा निघाली ती अशी की आजी धक्क्यावर उभी होती आणि पडाव सुटल्यावर तिने हाक मारून सांगितलं, "पोचल्यार कार्ड घाल", आणि बाबांना पोहायला येत होतं पण कार्ड लिहायला येत नव्हतं, त्याचंच टेन्शन ओकण्यापेक्षा जास्त होतं.

पावसाळ्यात ती बोट बंद. मग चार महिने मुंबई लांब. एसटी होतीच, पण एसटी म्हणजे घाट आणि दोन दिवस अंग मोडून. नंतर १९९८ ला कोकण रेल्वे पूर्ण सुरू झाली, तीसुद्धा आमच्या गावाला आली नाहीच, कुडाळला किंवा सावंतवाडीला उतरायचं आणि पुढे रिक्षा नाहीतर एसटी. विमानतळ मात्र तालुक्यात आला, चिपीला, २०२१ मध्ये, आणि पाठोपाठ २०२३ च्या जानेवारीत गोव्यात मोपा सुरू झाला. पुढचं मी लिहीत नाही, तुम्हीच ओळखा लोक कुठे उतरतात.

पडवीतले ओले काजू राहिले बघा. ज्यांनी सोललेत त्यांनाच माहिती हे काय प्रकरण आहे. हिरवी बी, साल अजून मऊ, ती सुरीने उभी चिरायची, आणि आतला गर टोकाने अलगद उचलायचा, मोडता कामा नये. सालीत चीक असतो, तो हाताला लागला की कातडी भाजून निघते, चार दिवसांनी साप कात टाकतो तशी बोटांची सालं निघतात. म्हणून आधी हाताला खोबरेल तेल, वर राख. आई एका मिनिटात सहा सात बिया सोलते, माझ्या दोन, त्यातला एक गर मोडका. बाजारात ते शंभराच्या हिशोबाने विकतात आणि मुंबईत भाव ऐकला की लोक म्हणतात बापरे, तर त्यांना माझी बोटं दाखवावीत असं मला वाटतं. त्याच दिवशी दुपारी मीटिंगमध्ये कॅमेरा ऑन करून मी गालावर हात ठेवून बसले होते तर एकाने विचारलं, मेहंदी काढलीस का.

काजूवर हा गाव चालतो म्हटलं तरी चालेल. कारखाने आहेत, बायका बसून बी फोडतात, भाजलेली किंवा वाफवलेली बी, एका हाताने बी लावायची आणि यंत्राचा दांडा मारायचा, अख्खा गर निघाला पाहिजे, तुकडा झाला की भाव पडला. आमची काकू वीस वर्षं एका कारखान्यात होती. ती अजून दुकानात काजूचं पाकीट हातात घेतलं की मूठभर बघून सांगते, हे दोनशे चाळीस नाहीत, तीनशे वीस आहेत. हा आकडा म्हणजे एका पौंडात साधारण किती गर बसतात तो, आकडा लहान तेवढा गर मोठा. दुकानदार तिला बघितल्यावर पाकीट आधीच बदलून देतो.

आणि इथेच ते फळ संशोधन केंद्र आहे, १९५७ चं. काजूची कलमं वेंगुर्ला-४, वेंगुर्ला-७ अशा नावांनी सगळीकडे गेली, सातची बी चांगली मोठी. आंब्याची रत्ना आणि सिंधू या जातीही इथल्याच, नीलम आणि हापूस एकत्र करून रत्ना, आणि रत्नाचा परत हापूसशी संकर करून सिंधू, जिच्यात बाठा जवळजवळ नाहीच म्हणावा इतका पातळ. बाबांचं मत विचाराल तर, "बाठो नाय तर चोखतलंस काय?" यावर शास्त्रज्ञांकडे उत्तर नाही.

एक गोष्ट मात्र अभिमानाने सांगावीशी वाटते आणि ती समुद्राची नाही, कचऱ्याची आहे. गावाचा डम्पिंग ग्राउंड होता, वास, कुत्री, धूर, सगळं. काही वर्षांपूर्वी नगरपरिषदेने कचरा घराघरातून वेगळा करून घ्यायला सुरुवात केली, ओल्याचा बायोगॅस आणि खत, प्लास्टिक बारीक करून रस्त्याच्या डांबरात, आणि त्या जागेवर चक्क बाग केली. लोक ती बघायला येतात. पाहुण्यांना आम्ही विचारतो, आधी बीच बघणार की डम्पिंग ग्राउंड, त्यांना वाटतं चेष्टा. आमची आई दुधाची पिशवी धुऊन दोरीवर वाळत घालते, कपड्यांच्या शेजारी, चिमटा लावून. मला आधी लाज वाटायची, आता मुंबईत मीही तेच करते आणि सोसायटीतले माझ्याकडे विचित्र बघतात.

तर बंदर. शेवटच्या आठवड्यात मी बाबांबरोबर रोज गेले. स्कूटर नको, चालत. वाटेत मानसीश्वराला हात जोडायचा. वाटेत जो भेटेल तो एकच विचारतो, "कधी इलंस गो?" आणि उत्तर पूर्ण व्हायच्या आत पुढचा, "कधी जातलंस?" मुंबईच्या माणसाला हे लागतं, माझ्या नवऱ्याला पहिल्या वर्षी लागलं होतं, की आलो नाही तोवर कधी जाणार विचारतात. तसं नाहीये ते. बोटीच्या गावात माणूस आला की परतीची बोट कधीची हे विचारतातच, तेवढ्या दिवसांत जेवायला कधी बोलवायचं ते ठरवायचं असतं. आता बोट नाही, प्रश्न राहिला.

बंदरावर टेकडीवर दीपगृह, खाली जेटी, जेटीच्या कडेला मुलं गरवत बसलेली, म्हणजे गळ टाकून. बाजूला नवाबागच्या होड्या. बाकी काय, बसायचं. टुरिस्ट असले तर ते सूर्याकडे तोंड करून फोटो काढतात, आणि आमची गावची मंडळी सूर्याकडे पाठ करून बसलेली, तोंड रस्त्याकडे, कोण आलं कोण गेलं ते बघायला. सूर्य काय उद्यापण आहे. बाबांचा एक ग्रुप आहे, सगळे रिटायर्ड, एक पोस्टातला, दोन मास्तर, एक बोटीच्या जमान्यात पडावावर असलेला. तो सगळ्यात कमी बोलतो. त्याला विचारलं वारा कसा आहे तर मान न वळवता सांगतो. परवा म्हणाला, "फिरलो", एवढंच, आणि दहा मिनिटांनी खरंच दुसऱ्या बाजूने झुळूक यायला लागली, मला उगाच अंगावर काटा आला.

अंधार पडला की समोर समुद्रात लांब एक दिवा लुकलुकतो, वेंगुर्ला रॉक्सचा, खडकांवरचं दीपगृह. हवा मोकळी असली तरच दिसतो. त्या खडकांच्या गुहांमध्ये पाकोळ्या राहतात, स्वतःच्या लाळेने घरटी करतात, आणि ती घरटी परदेशात सूपसाठी जातात म्हणून चोरणारे लोक मध्यंतरी पकडले गेले होते. मी कधी तिथे गेले नाही. आमच्यातलं कोणीच गेलेलं नाही, तो पडाववाला सोडून. पण तो दिवा दिसल्याशिवाय बाबांचा ग्रुप उठत नाही. कोणीतरी म्हणतं, "लागली", मग एकेक जण गुडघ्यावर हात ठेवून उठतो. मळभ असलं तर? मी विचारलं. मग अंदाजाने उठायचं.

निघायच्या आदल्या दिवशी असंच "लागली" म्हणून उठलो तर गरवणाऱ्या पोरांपैकी एकाने पळत येऊन बाबांच्या हातात एक तांबोशी ठेवली, चांगली हातभर, अजून शेपूट मारत होती. आजोबांच्या वेळेपासूनची काहीतरी ओळख, त्या मुलाला ती नीट माहीत नव्हती, बाबांनाही आठवत नव्हती, पण घेतली. पिशवी नव्हती. बाबांनी खिशातला रुमाल काढला, तिच्या कल्ल्यातून ओवला आणि ती तशीच लोंबकळत धरून आम्ही सगळ्या बाजारातून घरी आलो, वाटेत नऊ जणांनी विचारलं केवढ्याक घेतलास.

आई पडवीत उभी. आत कुकर उतरलेला, आमटी भात झालेला, ओट्याला फडका मारून झालेला. तिने आधी रुमालाकडे बघितलं, मग तांबोशीकडे, मग माझ्याकडे.

"आता ही साफ कोण करतला?"

बाबा हातपाय धुवायला विहिरीवर गेले ते बराच वेळ आलेच नाहीत.